घराची किंमत आणि कर्जाची मुदत

सदनिकेच्या भावात चौरस फुटामागे शंभर रुपये कमी व्हावेत म्हणून जी माणसे बांधकाम व्यावसायिकाच्या कार्यालयात चार-चार खेपा घालतात, दिशा, मजला, वाहनतळ, पाणी यांची कसून चौकशी करतात आणि नात्यातल्या एखाद्या अभियंत्याला मुद्दाम सोबत नेऊन बांधकाम तपासून घेतात, तीच माणसे कर्जाच्या कागदांवर, बँकेच्या अधिकाऱ्याने जेथे जेथे बोट ठेवले तेथे तेथे, अर्ध्या तासात सह्या करून मोकळी होतात. वस्तुतः वीस वर्षांच्या मुदतीने घेतलेल्या कर्जावर जे व्याज भरावे लागते ते पुष्कळदा मूळ कर्जाहूनही अधिक भरते. म्हणजे एकाच व्यवहारात आपण दोन वस्तू विकत घेत असतो, एक घर आणि दुसरी मुदत, आणि यांपैकी दुसरीचा भाव विचारण्याचे आपल्या मनातही येत नाही.

याचे कारण असे, की कर्ज काढणाऱ्याच्या डोक्यात एकच प्रश्न घोळत असतो : ‘हप्ता किती बसेल?’ पगारातून घरखर्च, मुलांची फी आणि आईवडिलांचे औषधपाणी वजा जाता जे उरते त्यात हप्ता बसला, की कर्ज परवडले असे आपण धरून चालतो. हा हिशेब खोटा नाही, पण अपुरा आहे. त्याने चालू महिन्याची तोंडमिळवणी होते की नाही एवढेच कळते. हा व्यवहार पुरा होईपर्यंत आपल्या मिळकतीचा किती भाग त्यात जाणार, आणि तो आपल्या वयाच्या कोणत्या वर्षापर्यंत जात राहणार, हे त्यातून कळत नाही. हे दुसरे गणित प्रत्येक कुटुंबाने सही करण्यापूर्वी स्वतः मांडून पाहावे, एवढ्याच हेतूने पुढील विवेचन केले आहे.

पहिल्या हप्त्याची फोड

उदाहरण म्हणून 50 लाख रुपयांचे कर्ज, द.सा.द.शे. साडेआठ दराने, वीस वर्षांसाठी घेतले असे समजू. मासिक हप्ता 43,391 रुपये येतो. वाचकाच्या वाट्याला येणारा दर यापेक्षा कमी किंवा जास्त असू शकेल. तत्त्व मात्र तेच राहते. बँकेकडून मिळणारे परतफेडीचे वेळापत्रक पुढे घेऊन त्यातली पहिलीच ओळ वाचावी. हप्ता 43,391; त्यापैकी व्याज 35,417; मुद्दल 7,974. दुसऱ्या महिन्याच्या ओळीत व्याज 35,360 आणि मुद्दल 8,031. म्हणजे महिनाभर कष्ट करून त्रेचाळीस हजारांवर रक्कम भरली, पण कर्ज उतरले ते आठ हजारांनी, आणि पुढच्या महिन्याचे व्याज हलके झाले ते अवघ्या सत्तावन्न रुपयांनी.

यात बँकेने काही लबाडी केली असे मुळीच नाही. महिन्याच्या आरंभी जेवढे मुद्दल शिल्लक असेल तेवढ्यावर महिन्याचे व्याज आकारायचे, ते हप्त्यातून आधी वळते करून घ्यायचे आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा करायची, ही घटत्या शिलकेची सरळ पद्धत आहे. परंतु आरंभी मुद्दल सर्वांत मोठे असल्यामुळे व्याजही सर्वांत मोठे असते, आणि हप्ता मात्र शेवटपर्यंत एकसारखा ठेवलेला असल्यामुळे आरंभीची वर्षे जवळजवळ व्याजाचीच वर्षे होतात. या उदाहरणात पाच वर्षे नियमाने हप्ते भरल्यावर एकंदर 26 लाख 3 हजार रुपये बँकेत गेलेले असतात. त्यांपैकी सुमारे 20 लाख 10 हजार व्याजाचे आणि अवघे 5 लाख 94 हजार मुद्दलाचे. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा होण्यास जवळजवळ बारा वर्षे लागतात, आणि निम्मे कर्ज फिटण्यास तेरा वर्षे दहा महिने. पाच-सहा वर्षांनी घर विकण्याचा किंवा कर्ज दुसऱ्या बँकेकडे नेण्याचा विचार करणाऱ्याला ‘इतके भरूनही बाकी एवढी कशी?’ असा जो धक्का बसतो, त्याचे मूळ या पहिल्या ओळीतच असते.

मुदतीचा भाव

आता तेच कर्ज, त्याच दराने, निरनिराळ्या मुदतींना कसे पडते ते पाहू.

15 वर्षे : हप्ता 49,237 रुपये, एकूण व्याज सुमारे 38 लाख 63 हजार.
20 वर्षे : हप्ता 43,391 रुपये, एकूण व्याज सुमारे 54 लाख 14 हजार.
25 वर्षे : हप्ता 40,261 रुपये, एकूण व्याज सुमारे 70 लाख 78 हजार.
30 वर्षे : हप्ता 38,446 रुपये, एकूण व्याज सुमारे 88 लाख 40 हजार.

हे कोष्टक वरून खाली वाचताना दोन्ही रकाने कसे चालतात याकडे लक्ष द्यावे. पंधरावरून वीस वर्षांवर गेले असता हप्ता 5,846 रुपयांनी उतरतो. विसावरून पंचवीसवर गेले असता 3,130 रुपयांनी. आणि पंचविसावरून तीसवर गेले असता फक्त 1,815 रुपयांनी. सवलत अशी दर पायरीला निम्म्याच्या आसपास येत जाते. व्याजाचा बोजा मात्र प्रत्येक पायरीला साडेपंधरा ते साडेसतरा लाखांनी वाढतच जातो. पंचवीसऐवजी तीस वर्षांची मुदत घेणारा गृहस्थ दरमहा अठराशे रुपयांच्या सोयीसाठी साडेसतरा लाखांहून अधिक रक्कम द्यायला तयार होतो, आणि हे त्याला कोणी सांगितलेले नसते, कारण त्याने विचारलेले नसते.

आपल्या जुन्या व्यवहारशास्त्रात दामदुपटीचा नियम होता. धनकोला ऋणकोकडून एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करता येऊ नये, असा त्याचा आशय असून मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी इंग्रजी अमदानीतही हिंदू ऋणकोंच्या बाबतीत तो मान्य केला होता. पुढे 1875 साली पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतील गांजलेल्या कुणब्यांनी सुप्याच्या बाजारापासून सुरुवात करून सावकारांच्या घरांतील रोखे आणि खतपत्रे जाळली, आणि त्यानंतर आलेल्या 1879 च्या दख्खनच्या शेतकऱ्यांविषयीच्या कायद्याने न्यायालयांना रोख्यावरच्या आकड्यामागे जाऊन कर्जाचा हिशेब मुळापासून तपासण्याचा अधिकार दिला. आजच्या गृहकर्जाला दामदुपट लागू नाही, आणि तो नियम थकलेल्या व्याजाविषयी असल्यामुळे दरमहा चुकते होणाऱ्या व्याजाला तो लागूही पडला नसता. परंतु वीस वर्षांच्या कर्जात फेडीची रक्कम मुद्दलाच्या दुपटीपुढे जाते हे पाहिले, म्हणजे त्या काळच्या लोकांनी व्याजाच्या संचयाकडे इतक्या सावधपणे का पाहिले असेल ते उमगते. आजची बँक सावकार नव्हे. ती नियमांनी बांधलेली आहे आणि मागाल तो हिशेब देण्यास बाध्य आहे. तो मागणे हे मात्र कर्जदाराचे काम आहे.

येथे एक रास्त आक्षेप घेतला जाईल. चलनवाढीमुळे वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाहून हलका असणार, पगार वाढणार, तेव्हा पुढच्या हप्त्यांचे आकडे आजच्या मापाने मोजणे बरोबर नाही. हा आक्षेप निम्मा खरा आहे. शेवटच्या वर्षांतले हप्ते खरोखरच हलके वाटतात. परंतु व्याजाचा फार मोठा भाग आरंभीच्या वर्षांतच, म्हणजे रुपया जड असताना आणि संसार नवा असताना वसूल होतो, हे आपण वर पाहिले. आणि पगार वाढतो म्हणून मुदत लांब घ्यावी असे त्यातून निघत नाही, तर पगार वाढेल तसा हप्ता वाढवून मुदत तोडावी असे निघते. त्याकडे पुढे येऊच.

फिरत्या दराचे चक्र

वरील सर्व आकडे दर वीस वर्षे स्थिर राहील असे मानून काढले आहेत, आणि प्रत्यक्षात तो क्वचितच स्थिर राहतो. आपल्याकडील बहुतेक गृहकर्जे फ्लोटिंग, म्हणजे फिरत्या दराची असतात. 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांनी दिलेली अशी नवी कर्जे रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाहेरच्या मानदंडाशी जोडलेली असून त्यांचा दर तीन महिन्यांतून निदान एकदा नव्याने ठरवावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही. त्या आपापल्या मूळ दराला कर्जे जोडतात, आणि नव्या ग्राहकाला देऊ केलेला दर जुन्या ग्राहकाला आपोआप मिळेलच असे नसते. 2019 पूर्वी बँकेकडून घेतलेले कर्ज ज्यांचे अद्याप चालू आहे त्यांनी ते कोणत्या पद्धतीवर आहे हे शाखेत विचारावे, आणि नव्या पद्धतीवर येण्याचे शुल्क व त्यातून होणारी बचत यांची तुलना करून निर्णय घ्यावा.

मे 2020 मध्ये रेपो दर 4 टक्क्यांवर आला होता आणि दोन वर्षे तेथेच राहिला. मे 2022 पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी 2023 मध्ये साडेसहा टक्क्यांवर पोहोचला. दरवाढीच्या तोंडावर ज्याने 50 लाखांचे कर्ज सात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले त्याचा हप्ता 38,765 रुपये होता. अडीच टक्क्यांची वाढ झाल्यावर त्याच 50 लाखांचे एका महिन्याचे व्याज 39,583 रुपये होते. म्हणजे मुद्दल फारसे उतरले नसेल तर सबंध हप्ता व्याजातच जावा आणि तोही अपुरा पडावा, अशी अवस्था. असे असूनही पुष्कळांच्या खात्यातून जाणारा हप्ता बदललेला नव्हता, आणि त्यामुळे काही घडले आहे असे त्यांच्या ध्यानातच आले नाही. दर वाढला असता हप्ता तोच ठेवून मुदत लांबवायची, असा प्रघात पडून गेला होता. कर्जदाराला कळ लागत नाही, परंतु अठ्ठावन्नाव्या वर्षी सेवानिवृत्त होणाऱ्याचे कर्ज निवृत्तीच्या पलीकडे सरकलेले असते.

या प्रघाताची दखल घेऊन रिझर्व्ह बँकेने 18 ऑगस्ट 2023 रोजी परिपत्रक काढले. त्यान्वये दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडेथोडे करायचे, हे निवडण्याची मुभा कर्जदाराला द्यावी लागते. काही रक्कम आधी भरण्याचा मार्ग खुला ठेवावा लागतो. आणि हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी स्थिती मुदत लांबवल्याने येऊ द्यायची नसते. ज्याला थोडीही ओढाताण सोसणे शक्य आहे त्याने दरवाढीच्या वेळी हप्ता वाढवून घ्यावा आणि मुदतीला हात लावू देऊ नये. उलट फेब्रुवारी ते जून 2025 या काळात रेपो दर साडेसहावरून साडेपाचवर आला तशी उतरण लागली, की हप्ता कमी करून घेण्याचा मोह आवरावा, हप्ता आहे तोच चालू ठेवावा आणि मुदत कमी करावी असे लेखी कळवावे. दर वर्षी एकदा खातेउतारा मागवून त्यात शिल्लक हप्त्यांची संख्या पाहावी. ती गेल्या वर्षीच्या संख्येहून बाराने कमी असली पाहिजे. नसेल तर विचारणा करावी.

दर ठरतानाच घासाघीस करण्यास जागा असते, तीही सोडू नये. मानदंडावर बँक जो वरचा फरक आकारते तो अर्जदाराच्या पतगुणांवर, म्हणजे बोली भाषेत सिबिलवर, बराचसा अवलंबून असतो. साडेआठऐवजी नऊ टक्के दर लागला तर आपल्या उदाहरणात हप्ता 1,595 रुपयांनी वाढतो आणि वीस वर्षांत 3 लाख 83 हजार रुपये जास्त जातात. तेव्हा अर्ज करण्याच्या निदान सहा महिने आधी आपला पतअहवाल काढून, त्यात राहून गेलेली एखादी क्रेडिट कार्डाची बाकी किंवा चुकीची नोंद असल्यास ती दुरुस्त करून घ्यावी.

दराबाहेरचे खर्च

घराची किंमत साडेबासष्ट लाख असली तर या श्रेणीतील कर्जाला किमतीच्या 80 टक्क्यांची मर्यादा असल्यामुळे 50 लाख बँकेचे आणि साडेबारा लाख आपले. परंतु आपल्या खिशातून जाणारी रक्कम एवढ्यावर थांबत नाही. पुणे शहरात मुद्रांक शुल्क अधिभारांसह 7 टक्के, मुंबईत 6 टक्के. खरेदी स्त्रीच्या नावे असल्यास एक टक्का सवलत. आणि नोंदणी फी एक टक्का, कमाल 30,000 रुपये. पुण्यात वरील घराला हे दोन्ही मिळून 4 लाख 67 हजार 500 रुपये होतात. बांधकाम चालू असलेली सदनिका असेल तर 5 टक्के वस्तू व सेवा कर, म्हणजे आणखी 3 लाख 12 हजार 500. यांपैकी मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी कर्जमर्यादेसाठीच्या किमतीत धरली जात नाही, आणि मग ऐन दस्तनोंदणीच्या आठवड्यात वैयक्तिक कर्जाची धावपळ होते, ज्याचा दर गृहकर्जाहून बराच चढा असतो. दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात जाण्यापूर्वी ही रक्कम रोकड शिलकेत असली पाहिजे. नसेल तर घर लहान घ्यावे किंवा एक वर्ष थांबावे.

बँकेकडचे खर्च निराळे : प्रक्रिया शुल्क, कायदेशीर छाननी आणि मूल्यांकनाची फी, हक्काचे कागद निक्षेप ठेवून केलेल्या गहाणावरचे मुद्रांक शुल्क, आणि त्या गहाणाची सूचना तीस दिवसांच्या आत निबंधकाकडे दाखल करण्याचा खर्च. 1 ऑक्टोबर 2024 पासून प्रत्येक वैयक्तिक कर्जदाराला करारापूर्वी मुख्य तथ्यांचे विवरणपत्र देणे बंधनकारक झाले असून, संस्थेमार्फत वसूल होणारी शुल्के व विम्यासारख्या रकमा व्याजात मिळवून येणारा वार्षिक टक्केवारी दर त्यात दाखवावा लागतो. हे विवरणपत्र कर्जदाराला समजेल अशा भाषेत असले पाहिजे असा दंडक आहे. तेव्हा ते मराठीत मागण्यास संकोच वाटू देऊ नये. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावरून न करता या टक्केवारीवरून करावी.

दोन बाबतींत विशेष जपावे. पहिली, कर्जाला जोडून दिला जाणारा विमा. कुटुंबप्रमुखाच्या मागे कर्जाचे ओझे राहू नये ही चिंता योग्यच आहे, पण कर्ज मंजूर व्हावे म्हणून बँक सांगेल तोच जीवनविमा घेतला पाहिजे अशी कायद्याची सक्ती नाही. एकरकमी विमाहप्त्याचे एक लाख रुपये कर्जातच मिळवले, तर साडेआठ दराने वीस वर्षांत त्यांचे 2 लाख 8 हजार भरावे लागतात. त्यापेक्षा स्वतंत्र मुदत विमा घ्यावा, वर्षाचे वर्षाला त्याचे पैसे भरावेत. कर्ज दुसरीकडे नेले तरी तो आपल्याजवळ राहतो.

दुसरी, बांधकाम पुरे होईपर्यंतचे ‘प्री-ईएमआय’. या काळात जेवढी रक्कम बांधकाम व्यावसायिकाला दिली गेली तेवढ्यावरचे फक्त व्याज भरावे लागते, त्यामुळे हप्ता लहान दिसतो. पण मुद्दल एका पैनेही उतरत नाही. 25 लाख उचल झालेली असताना काम रखडले, तर तीन वर्षांत 6 लाख 37 हजार रुपये निव्वळ व्याजापोटी जातात, राहत्या घराचे भाडे शिवाय द्यावे लागते, आणि वीस वर्षांची गणना त्यानंतर सुरू होते. महारेराच्या नोंदींत प्रकल्प पूर्ण होण्याची तारीख आणि तिला मिळालेल्या मुदतवाढी दिसतात. त्या पाहूनच बांधकामाधीन घराचा निर्णय घ्यावा, आणि शक्य असल्यास पहिल्या उचलीपासूनच पूर्ण हप्ता सुरू करून घ्यावा.

करसवलतीचे वजन

‘कर वाचतो’ हे वाक्य गृहकर्जाच्या बाजूने हमखास ऐकू येते. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजापोटी वर्षाला कमाल दोन लाखांची वजावट मिळते, आणि मुद्दलाची फेड दीड लाखांच्या त्या मर्यादेत मोडते जी भविष्यनिर्वाह निधी आणि आयुर्विमा यांनीच पुष्कळांची भरून गेलेली असते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचे व्याज 4 लाख 21 हजार आहे. त्यातील निम्म्याहून अधिक भागावर काहीच सूट नाही. तीस टक्क्यांच्या टप्प्यातील करदात्याचे उपकरासह 62,400 रुपये वाचतात, म्हणजे चार लाखांवर खर्च केल्यावर साठ-बासष्ट हजार परत येतात. 2023-24 या आर्थिक वर्षापासून नवी करपद्धती मूळ पद्धत ठरली आहे, आणि तीत राहत्या घराच्या व्याजाची ही वजावट नाही. सवलत मिळत असेल तर अवश्य घ्यावी. परंतु तिच्यासाठी कर्ज मोठे काढणे किंवा फेड लांबवणे हा आतबट्ट्याचा व्यवहार होय.

मुदतीपूर्वी फेड

ज्या गुणधर्मामुळे आरंभीची वर्षे व्याजाची ठरतात, त्याच गुणधर्मामुळे त्या वर्षांत भरलेला प्रत्येक जादा रुपया फार मोठे काम करतो. पाचव्या वर्षाच्या अखेरीस 5 लाख रुपये एकरकमी भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शिल्लक 180 हप्ते 144 वर येतात. तीन वर्षे सुटतात आणि जवळजवळ 10 लाख 70 हजारांचे व्याज वाचते. तेच 5 लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले, तर सुमारे सतरा हप्ते सुटतात आणि वाचणारे व्याज सव्वादोन लाखांच्या आतबाहेर राहते.

मोठी रक्कम हाती येण्याची वाट पाहण्याचेही कारण नाही. पगारवाढ मिळेल तसा दर वर्षी हप्ता पाच टक्क्यांनी वाढवत नेला, म्हणजे पहिल्या वर्षानंतर 43,391 चा सुमारे 45,560 केला आणि हाच क्रम चालू ठेवला, तर वीस वर्षांचे कर्ज बारा वर्षांच्या थोडे पुढे जाऊन संपते. व्यक्तीने घेतलेल्या फिरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड आकारण्यास बँकांना 2012 पासून मनाई आहे, तेव्हा या मार्गात शुल्काची धोंड नाही. स्थिर दराच्या कर्जात मात्र करारातील अट आधी वाचावी. जादा भरणा करताना ‘ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता कायम ठेवावा आणि मुदत कमी करावी’ असे अर्जात स्पष्ट लिहून पोच घ्यावी, आणि सुधारित वेळापत्रक हातात पडेपर्यंत पाठपुरावा सोडू नये.

हे करताना क्रम चुकू नये. आधी निदान सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते भागतील इतकी गंगाजळी बाजूला ठेवावी; कारण घरात गुंतलेला पैसा आजारपणाच्या रात्री परत मिळत नाही. त्यानंतर क्रेडिट कार्ड, वैयक्तिक कर्ज यांसारखी चढ्या दराची देणी निपटावीत. मग गृहकर्ज. साडेआठ टक्क्यांचे कर्ज फेडणे म्हणजे तेवढ्या दराचे निर्धोक उत्पन्न मिळवणे, आणि करपात्र व्याज देणारी बँकेची मुदत ठेव त्याची बरोबरी सहसा करू शकत नाही. तेव्हा एका हाताने ठेव ठेवायची आणि दुसऱ्या हाताने तिच्याहून महाग कर्ज पोसायचे, यात शहाणपण नाही. भविष्यनिर्वाह निधीतील वर्गणी मात्र मोडू नये. ती म्हातारपणाची तजवीज आहे.

शेवटचा हप्ता आणि त्यानंतर

कर्ज फिटले की काम संपले असे समजून कागद बँकेतच राहू देणारी कुटुंबे थोडी नाहीत, आणि त्याचा मनस्ताप पुढे वारसांना होतो. संपूर्ण फेडीनंतर तीस दिवसांच्या आत मूळ दस्तऐवज परत करणे 1 डिसेंबर 2023 पासून बंधनकारक असून, बँकेच्या दोषाने विलंब झाल्यास दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. कागद यादीप्रमाणे मोजून घ्यावेत, बेबाकी दाखला घ्यावा, गृहनिर्माण संस्थेकडील बँकेचा बोजा आणि मिळकत पत्रिकेवर किंवा सात-बाराच्या इतर हक्कांत तशी नोंद असल्यास तीही कमी करून घ्यावी, आणि पतअहवालात कर्ज बंद झाल्याचे दिसते की नाही हे दोन महिन्यांनी पाहावे.

हे सारे शेवटी एका संध्याकाळच्या कामावर येऊन ठेपते. कर्जमंजुरीचे पत्र हाती आल्यावर सही करण्यापूर्वी परतफेडीचे पूर्ण वेळापत्रक मागून घ्यावे, आणि घरातील मिळवत्या माणसांनी एकत्र बसून प्रत्येक वर्षासमोर आपले वय, मुलांच्या शिक्षणाची वर्षे आणि निवृत्तीचे वर्ष लिहावे. नंतर हप्ता दोन-अडीच टक्क्यांनी चढ्या दराने पुन्हा मोजावा, आणि तोही एका पगारात निभतो की दोन पगार लागतात ते पाहावे. ज्या कर्जाचा शेवटचा हप्ता नोकरी सुटण्याच्या काही वर्षे आधी पडतो, ज्याचा वाढीव दराचा हप्ताही औषधपाणी आणि फी यांना धक्का न लावता निघतो, आणि ज्याची मुदत दर वर्षी थोडी तोडण्याचा निश्चय घरातल्या सर्वांनी मिळून केलेला आहे, ते कर्ज निर्धास्तपणे घ्यावे. यांपैकी एखादी गोष्ट जमत नसेल तर मुदत वाढवून ती जमवू नये. कर्जाची रक्कम कमी करावी.